'एवढा घोडा झालास' ते 'बालवीर': स्काऊटच्या जुन्या पुस्तकांतला मुलगा

प्रश्न एका तरुण शिक्षकाचा आहे. यंदा शाळेचं स्काऊट पथक 'गळ्यात पडलं' (शब्द त्यांचाच), म्हणून तयारीसाठी त्यांनी स्काऊट चळवळीचे जनक बेडन-पॉवेल यांचं १९०८ सालचं 'स्काऊटिंग फॉर बॉइज' हे मूळ पुस्तक वाचायला घेतलं आणि ते गोंधळले. एका पानावर माग काढण्याची झकास गोष्ट, पुढे साम्राज्याची सेवा, आणखी पुढे सिगारेट ओढणाऱ्या पोरांवर तोंडसुख. ते विचारतात, 'मुलगा कसा असावा ही कल्पना या पुस्तकांनी खरंच घडवली का? आणि तसं असेल तर त्यातलं मी पोरांसमोर काय ठेवू?'

सर, मी एकतीस वर्षं एका तालुक्याच्या गावी पथक चालवलं. पहिली दहा-बारा वर्षं मीही हे मूळ पुस्तक उघडलं नव्हतं. प्रशिक्षणात मिळालेल्या नोट्स, गाठींचा फळा, 'दया कर दान भक्ति का' ही प्रार्थना आणि 'खरी कमाई'चा (मुलांनी छोटी कामं करून मिळवलेल्या पैशांचा) हिशेब, एवढ्यावर आमचं स्काऊटिंग चालायचं. पुस्तक हाती पडलं तेव्हा मीही तुमच्यासारखाच चक्रावलो होतो. त्यामुळे उत्तर जरा लांबणार.

इंग्रजीत 'बॉयहूड' म्हणतात त्याला आपल्याकडे सुटसुटीत शब्द नाही. बालपण म्हटलं की त्यात मुलगी आली, तान्हं बाळही आलं. मी आपला 'मुलगेपण' म्हणतो. घरात मात्र त्या वयाला आपण बरोब्बर नाव ठेवलेलं आहे: 'एवढा घोडा झालास, तरी…' आणि 'तरी'च्या पुढे काहीही येतं. तरी टॉवेल जागेवर ठेवत नाहीस, तरी धाकटीशी भांडतोस. घोडा म्हणजे साधारण अकरा ते सोळा. लहान म्हणून लाड संपलेले, मोठा म्हणून अजून कुणी काही विचारत नाही. हे पुस्तक निघालं त्या वेळचं इंग्लंडही आपल्या घोड्यांकडे असंच वैतागून बघत होतं, फक्त तिथे तक्रार राष्ट्रीय पातळीवर गेली होती.

इंग्रजांचं दक्षिण आफ्रिकेतलं बोअर युद्ध १८९९ ते १९०२ चाललं. भरतीला आलेल्या शहरी तरुणांपैकी पुष्कळांना छाती भरत नाही, दात किडलेत म्हणून परत पाठवावं लागलं. गवगवा इतका झाला की शारीरिक ऱ्हासाची चौकशी करायला सरकारने समिती नेमली आणि १९०४ साली तिचा अहवाल आला. रोमन साम्राज्य ऐषआरामाने बुडालं, आता पाळी आपली, असं तिथली शहाणी माणसं बोलू लागली. मुलगा नाक्यावर उभा राहून सिगारेट फुंकतो या घरगुती कुरकुरीची गाठ थेट साम्राज्याच्या भवितव्याशी बांधली गेली. बेडन-पॉवेलच्या पुस्तकात फुटबॉलच्या मैदानाभोवतीच्या गर्दीचं वर्णन आहे: फिकट चेहरे, अरुंद छाती, पोक काढलेली पोरं, सिगारेटवर सिगारेट, स्वतः खेळायचं नाही आणि दुसऱ्यांचा खेळ बघत आरडायचं. सिगारेट काढून मोबाईल घाला, उतारा कालच्या पालकसभेतला वाटेल.

तेव्हा हे पुस्तक मुळात मोठ्यांना पोरांबद्दल वाटणाऱ्या भीतीतून आलेलं आहे. तरीही पोरांनी ते डोक्यावर घेतलं. भीतीतून आलेली उपदेशाची पुस्तकं त्या काळी ढिगाने निघत होती आणि मुलं ती वाचत नव्हती. याच पुस्तकात वेगळं काय होतं, ते सांगायला थोडं मागे जावं लागेल.

लेखक घोडदळातला अधिकारी. १८७६ साली हिंदुस्थानात आला. पुढे मेरठला एका पलटणीचा प्रमुख असताना त्याने शिपायांना टेहळणी शिकवण्याची स्वतःची पद्धत बसवली. पाच-सहा जणांच्या लहान तुकड्या, प्रत्येकीवर जबाबदारी, व्याख्यान थोडं आणि रानात जाऊन शोधाशोध जास्त. त्याच टिपणांतून 'एड्स टू स्काऊटिंग' हे लष्करी पुस्तक १८९९ साली निघालं. ते छापून बाहेर आलं तेव्हा लेखक दक्षिण आफ्रिकेत माफेकिंगच्या वेढ्यात अडकलेला होता. २१७ दिवसांनी वेढा उठला आणि तो इंग्लंडचा लाडका वीर झाला. मायदेशी परतल्यावर पाहतो तर शिपायांसाठी लिहिलेलं पुस्तक शिक्षक मंडळी मुलांना निरीक्षण शिकवायला वापरत होती. १९०४ मध्ये ग्लासगोला 'बॉइज ब्रिगेड' या मुलांच्या संघटनेचं संचलन बघायला गेला, तेव्हा तिचे संस्थापक विल्यम स्मिथ यांनी सुचवलं, हेच मुलांसाठी नव्याने लिहा. १९०७ च्या ऑगस्टमध्ये ब्राउनसी बेटावर आठ दिवसांचं शिबिर झालं. वीस-बावीस मुलं. काही ईटन-हॅरोसारख्या श्रीमंतांच्या शाळांतली, काही पूल आणि बोर्नमथ या गावांतली कष्टकऱ्यांची. लांडगे, कावळे, बैल आणि कर्लू पक्षी असे चार संघ. मेरठच्या बराकीतली लहान तुकडी इथे मुलांचा संघ झाली आणि आज तुमच्या पथकातही तोच संघ, तोच संघनायक आहे.

१९०८ च्या जानेवारीपासून पुस्तक पाक्षिक भागांत निघालं. सहा भाग, प्रत्येकी चार पेन्स. मला यातलं सर्वांत महत्त्वाचं वाटतं ते हे की भाग पेपरच्या स्टॉलवर मिळत होते. मुलाने खाऊचे पैसे वाचवले, भाग विकत घेतला, गल्लीतली आणखी पाच-सहा टाळकी गोळा केली आणि संघ काढला. मास्तर नंतर शोधला. आपल्याकडे परिपत्रक आधी येतं, मग मास्तर नेमतात, मग मुलं भरतात, आणि गणवेशाचे पैसे भरले नाहीत म्हणून निम्मी गळतात. तिथे गंगा उलटी वाहिली.

आणि पुस्तकाचा अवतारही तसाच. शिस्तशीर धडे नाहीतच. शेकोटीभोवती बसून सांगावं तशी प्रकरणं, मध्येच लेखकाने स्वतः काढलेली चित्रं, आफ्रिकेतल्या झुलूंची आरोळी, सामुराईंचे नियम, बोट बुडताना काय करावं, टूथब्रश नसेल तर काडीचं टोक ठेचून दात कसे घासावेत. (ही युक्ती वाचून आमचा एक कब (धाकटा स्काऊट) खो खो हसला होता. त्याचे आजोबा रोज कडुनिंबाची काडी चावत अंगणात फिरायचे.) सगळा कबाडखाना. अकरा वर्षांच्या पोराच्या खिशात जसं सगळं असतं, सुतळी, काच, मेलेला भुंगा, तसं पुस्तक. मुलाला ते आपलं वाटलं यात नवल नाही.

एक जागा जवळून दाखवतो. सुरुवातीलाच एल्सडनच्या खुनाची गोष्ट आहे. अठराव्या शतकाच्या अखेरीला इंग्लंडच्या उत्तरेला घडलेली, खरी. डोंगरात मेंढरं चारणाऱ्या पोराला गवतावर पाय पसरून बसलेला एक भटक्या दिसतो. पोरगा जवळून जाताना त्याच्या अंगावरचे कपडे, चेहरा आणि विशेषतः बुटांच्या तळव्यांचे खिळे बघून ठेवतो, आणि आपण बघतोय हे त्याला कळू देत नाही. पुढे एका म्हातारीचा खून झाल्याचं कानावर येतं. तिच्या घराजवळच्या मातीत ठसे आहेत, खिळ्यांची तीच विचित्र मांडणी. पोरगा दोन्ही जुळवतो, खुनी सापडतो, फाशी जातो, त्याचं प्रेत उघड्यावर टांगलं जातं.

इथवर उत्तम गुप्तहेरकथा. पुढची ओळ मात्र वेगळीच. ते लटकलेलं प्रेत बघून पोरगा खचतो. आपल्यामुळे हा माणूस मेला, म्हणून त्याला अतोनात वाईट वाटतं. मग न्यायाधिकारी त्याला बोलावून सांगतो की तू मोठं काम केलंस, एका भयंकर माणसापासून लोकांना वाचवलंस. त्यानंतर लेखक धडा काढतो: निरीक्षण, अनुमान, कर्तव्य आणि शिवाय मनाचा कोवळेपणा. पोरगा हळवा झाला हा त्याचा गुणच धरला आहे, पण तो हळवेपणा मोठ्या माणसाच्या शाबासकीने आवरून घ्यायचा आहे. मला विचाराल तर सगळ्या पुस्तकातला मुलगा या दोन वाक्यांत सापडतो. त्याचे डोळे तीक्ष्ण आहेत, मन मऊ आहे, आणि शेवटचा शब्द साहेबाचा आहे. या गोष्टीकडे मी शेवटी परत येणार आहे.

आता नियम. १९०८ साली ते नऊ होते. विचार, उच्चार आणि आचाराच्या शुद्धतेचा दहावा १९११ मध्ये जोडला. पुष्कळांना वाटतं की नियम म्हणजे सगळीकडे सारखाच सुविचारांचा तक्ता. मूळ मजकूर शब्दाशब्दाने वाचला की वेगळंच हाती लागतं.

चौथा नियम घ्या. स्काऊट सर्वांचा मित्र आणि प्रत्येक स्काऊटचा भाऊ, मग तो कोणत्याही सामाजिक वर्गातला असो. १९०८ च्या इंग्लंडमध्ये हे लिहिणं साधं नव्हतं, आणि ब्राउनसीवर त्याने ते करूनही दाखवलं होतं. पण खालचं स्पष्टीकरण वाचा. स्काऊटने 'स्नॉब' असू नये, आणि स्नॉब म्हणजे दुसरा गरीब म्हणून त्याला तुच्छ लेखणारा, किंवा स्वतः गरीब असून दुसरा श्रीमंत म्हणून त्याच्यावर जळणारा. एका हाताने दिलं आणि दुसऱ्याने काढून घेतलं. दुसऱ्या नियमात निष्ठा सांगितली ती राजाशी, त्याच्या अधिकाऱ्यांशी, देशाशी आणि मालकाशी. मालकाशी! बारा वर्षांच्या मुलाला! मधमाश्यांचं कौतुक करताना तर लेखक लिहून जातो की हा आदर्श समाज आहे, कारण त्या राणीचा मान ठेवतात आणि बेकारांना मारून टाकतात. हे वाक्य पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून चहा घ्यायला उठलो होतो.

सातवा नियम आज्ञापालनाचा. न आवडलेला हुकूमही सैनिक पाळतो तसा आधी पाळायचा, तक्रार नंतर सांगायची. आणि आठवा माझा आवडता: कोणत्याही परिस्थितीत स्काऊट हसतो आणि शीळ घालतो. गाडी थोडक्यात चुकली, कुणी नेमका पायाच्या कुरपावर पाय दिला, तरी लगेच जबरदस्तीने हसायचं, मग एक धून शिळेवर म्हणायची की बरं वाटतं. शिवी दिली तर शिक्षा म्हणजे इतर स्काऊटांनी बाहीतून पेलाभर गार पाणी ओतायचं. मुलं शिक्षेचीच वाट बघत असणार.

या आठव्या नियमावरून मी माझी चूक सांगतो. नोकरीची पहिली-पहिली वर्षं होती, तीन रात्रींचं शिबिर होतं. दुसऱ्या रात्री पहाऱ्यावरचा सातवीतला मुलगा तंबूबाहेर बसून रडत होता. मी खांद्यावर हात ठेवून म्हणालो, 'स्काऊट रडतो का रे?' तो गप्प झाला. मला माझाच अभिमान वाटला. पुढचा दीड दिवस तो सगळ्या खेळांत होता, हसतही होता. घरी गेल्यावर आई भेटायला आली. शिबिराच्या दुसऱ्या दिवसापासूनच पोराच्या अंगात ताप होता, कान फुटला होता. त्याने कुणालाही सांगितलं नाही, कारण मी तसं शिकवलं होतं. पुस्तकात असं कुठेच लिहिलेलं नाही की दुखलं तरी सांगू नका. पण 'हसतमुख' या एका शब्दातून मुलाने तेच उचललं आणि माझ्या तोंडूनही तेच आलं.

ही काही माझ्या एकट्याची गफलत नव्हती. धाडसाची पुस्तकातली नमुना-गोष्ट माफेकिंगच्या पोरांची आहे. वेढ्यात निरोप पोचवणारं मुलांचं दल, त्यांचा म्होरक्या गुडइयर. तोफगोळे पडत असताना सायकलवरून जाणाऱ्या एका मुलाला लेखक म्हणतो, कधीतरी लागेल हं तुला. पोरगा म्हणतो, मी इतक्या जोरात पायडल मारतो साहेब, की ते मला गाठणारच नाहीत. छान गोष्ट आहे, मीही शेकोटीला शेकडो वेळा सांगितली आहे. तीत नाही ते असं, की त्याच वेढ्यात उपासमारीचा सर्वांत जास्त मार गावातल्या काळ्या लोकांनी सोसला. त्यांच्यातल्या मुलांची गोष्ट कुणी केली नाही. आणि १९१६ साली जटलंडच्या आरमारी लढाईत जॅक कॉर्नवेल नावाचा सोळा वर्षांचा माजी स्काऊट जखमी होऊनही तोफेपाशी उभा राहिला आणि नंतर दवाखान्यात मेला, तेव्हा सायकलवरच्या हसऱ्या पोराची गोष्ट कुठवर जाते हे दिसलं. त्याच्या नावाने स्काऊटांत शौर्याचा बिल्ला निघाला.

न्याय म्हणून दुसरी बाजूही सांगतो. बेडन-पॉवेलला कवायत आवडत नव्हती. रांगेत 'डावा-उजवा' करून मुलगा यंत्र होतो, स्वतःची अक्कल वापरत नाही, असं त्याचं मत होतं. तो 'शांततेतले स्काऊट' असा शब्द वापरायचा: सरहद्दीवर, रानात एकट्याने राहून स्वतःच्या हिमतीवर काम करणारी माणसं. तरी चळवळीत लष्कराची माणसं फार शिरली म्हणून सर फ्रान्सिस व्हेन वेगळे झाले, महायुद्धानंतर १९२० मध्ये जॉन हारग्रेव्हने फुटून 'किबो किफ्ट' ही वेगळी संघटना काढली. पुस्तक सैनिक घडवतं की नागरिक, यावर इतिहासकार अजून भांडतात. मी पथक चालवलेला माणूस म्हणून म्हणेन की पुस्तक दोन्ही आहे, आणि कोणतं पान उघडायचं ते मास्तर ठरवतो. आपल्याकडे २६ जानेवारीच्या संचलनाशिवाय स्काऊट कुणाला दिसत नाही, ही गंमत बेडन-पॉवेलला कितपत मानवली असती कोण जाणे.

मुलगेपणाची कल्पना एकट्या इंग्लंडमधून आली असंही नाही. अमेरिकेत अर्नेस्ट थॉम्पसन सीटनने १९०२ पासून 'वुडक्राफ्ट इंडियन्स' ही मुलांची संघटना चालवली होती. त्याचा आदर्श मूळनिवासी अमेरिकन: निसर्ग वाचणारा, आपल्या टोळीचा कारभार स्वतः बघणारा. त्याने आपलं पुस्तक १९०६ मध्ये बेडन-पॉवेलला पाठवलं आणि पुढे, माझे खेळ न विचारता घेतले, म्हणून कुरकुरत राहिला. त्या काळी मानसशास्त्रात स्टॅन्ली हॉलची कल्पना जोरात होती, की मूल वाढताना मानवजातीच्या सगळ्या पायऱ्या चढतं आणि मुलगा काही वर्षं 'रानटी' अवस्थेत असतो, ती त्याला जगू द्यावी. म्हणून गोऱ्या मुलाने झुलूंची आरोळी ठोकायची, रेड इंडियनांसारखं दबकत चालायचं आणि मोठं झाल्यावर त्याच लोकांवर राज्य करायचं! १९१० साली 'बॉय स्काऊट्स ऑफ अमेरिका' निघाली. तिथे नियम बारा झाले, शौर्य आणि देवभक्ती आली. आणि १९१५ पर्यंत सीटन बाहेर पडला होता. रानातला मुलगा हरला, सभासद-फी भरणारा नागरिक मुलगा जिंकला.

मुलींचं काय, हे विचारलंत तर बरं होईल, कारण मुलगेपणाची रेघ तिथेच सर्वांत ठळक दिसते. स्टॉलवरून पुस्तक मुलींनीही घेतलं होतं, संघही काढले होते. १९०९ च्या सप्टेंबरात लंडनच्या क्रिस्टल पॅलेसला मेळावा भरला. सुमारे ११,००० मुलं, आणि त्यांत टोप्या, काठ्या घेऊन आलेल्या मुली. मोठ्यांची तारांबळ उडाली. पुढच्याच वर्षी बहीण ॲग्नेसच्या हाती 'गर्ल गाइड्स' वेगळी काढली आणि संघांना प्राण्यांऐवजी फुलांची नावं दिली. लांडगे-कावळे मुलांचे, फुलं मुलींची. १९१२ च्या त्यांच्या पुस्तकाच्या नावातच होतं की मुली साम्राज्य उभारायला कशी मदत करू शकतील. मदत! त्याच गाठी मारणाऱ्या, तोच माग काढणाऱ्या मुली समोर उभ्या होत्या. मुलगेपण म्हणजे काही जन्मजात पराक्रम नाही, हे त्या दिवशी उघडं पडलं होतं, म्हणून इतकी घाई.

एक प्रकरण तुम्ही मुलांना देऊ नका, एवढंच सांगून पुढे जातो: संयमाचं. वयात येणाऱ्या मुलाला स्वतःच्याच शरीराची धास्ती घालणारा आणि त्यावर गार पाण्याचे उपाय सांगणारा मजकूर आहे तो. आपल्याकडच्या भिंतींवर 'शक्ती गमावलेल्या' तरुणांसाठी ज्या जाहिराती रंगवलेल्या असतात, त्यांच्याच जातीचा. त्या भीतीने किती पोरं झुरली असतील याची गणती नाही.

आता आपल्याकडे येऊ. १९०९ मध्ये बंगळूरला कॅप्टन बेकरने पहिलं पथक काढलं, पण ते युरोपीय आणि अँग्लो-इंडियन मुलांसाठी. देशी मुलांना मज्जाव. कारण उघड होतं: टेहळणी, संकेत, माग, गुप्त निरोप हे सगळं काळ्या मुलाला शिकवायचं, तेही त्या काळात? ज्या गुणांमुळे इंग्रज मुलगा आदर्श ठरत होता तेच गुण हिंदी मुलात राजद्रोहासारखे दिसत होते. पण पुस्तक स्टॉलवर मिळतं म्हटल्यावर ते अडवणार कसं? १९१३ च्या सुमारास शहाजहानपूरला श्रीराम बाजपेयींनी मुलं जमवली, मध्य प्रांतात विव्हियन बोस कामाला लागले. हेच बोस पुढे नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश आणि मग सर्वोच्च न्यायालयात न्यायाधीश झाले, आपल्या भागातल्या जुन्या स्काऊटांना त्यांचं नाव माहीत असतं. १९१७ मध्ये ॲनी बेझंट आणि अरुंडेल यांनी मद्रासला स्वतंत्र संघटना काढली, टोपीऐवजी फेटा बांधला. अलाहाबादला मदनमोहन मालवीय आणि हृदयनाथ कुंझरूंची सेवा समिती उभी राहिली, जत्रेत हरवलेली मुलं शोधणारी, साथीत पाणी पोचवणारी. साम्राज्याच्या भिंतीतली वीट म्हणून बनवलेला मुलगा इथे येऊन दुसऱ्याच इमारतीला लागला. १९३७ मध्ये बेडन-पॉवेल शेवटचे आले, हिंदी लोकांच्या चारित्र्यावर शेरा मारून बसले आणि पुढच्याच वर्षी हिंदुस्थान स्काऊट संघटना वेगळी झाली. ७ नोव्हेंबर १९५० ला स्काऊटांच्या संघटना एकत्र येऊन आजची 'भारत स्काऊट्स आणि गाइड्स' झाली, मुलींच्या गाइड्स तिच्यात १९५१ मध्ये आल्या.

मराठीत तर शब्दानेच मोठं काम केलं. स्काऊट म्हणजे मुळात टेहळ्या. आपल्याकडे त्याला शब्दांची वाण नव्हती: हेर, जासूद, नजरबाज. बहिर्जी नाईकांचं नाव घेतलं की चौथीतलं पोर ताठ बसतं. पण 'नजरबाज' शब्द रस्त्यावर येऊन पार बिघडला होता, आणि हेर म्हटलं की संशय येतो. मग रूढ झालं 'बालवीर', मुलींना 'वीरबाला'. ऐकायला भारदस्त. फक्त अर्थाची कोलांटी झाली. टेहळ्याचा गुण म्हणजे तो कुणाला दिसत नाही, आणि वीर दिसल्याशिवाय वीर होत नाही. मेंढपाळाच्या पोराचं सगळं कसब 'आपण बघतोय हे कळू न देण्यात' होतं. आपण त्याला बिल्ले लावून मंचावर उभं केलं, पाहुण्यांच्या हस्ते.

नियमांची मराठी-हिंदी आवृत्ती मूळ नियमांशेजारी ठेवून बघा, अर्ध्या तासाचं काम आहे. पहिल्या नियमातला 'ऑनर' गेला, 'विश्वसनीय' आलं. राजा आणि मालक गेले. प्राण्यांच्या मित्रात निसर्गप्रेम मिसळलं. आज्ञापालनाच्या जागी शिस्त आली आणि तिच्या जोडीला सार्वजनिक मालमत्तेचं रक्षण, जे मूळ पुस्तकात या रूपात नाही. ज्यांनी एसटीच्या काचा फुटताना पाहिल्या असतील त्यांनाच हे सुचणार. शीळ घालणं गेलं, तिथे 'धैर्यशील' आलं. शिळेचं मला वाईट वाटतं. पण आपल्या घरात तिन्हीसांजेला शीळ घातली की आजी ओरडते आणि रस्त्यात घातली तर टवाळ म्हणतात, तेव्हा तो नियम पालकसभेत टिकला नसता.

आता तुमचा दुसरा प्रश्न, मुलांसमोर काय ठेवू. लहान संघ ठेवा, सहा ते आठ मुलांचा, आणि संघनायकाला खरोखरचं काम द्या. हे मेरठपासून आजवर टिकलं आहे ते उगाच नाही. घोड्याला कुणीतरी प्रथमच विचारतं, तुझ्या संघाचा तांदूळ किती लागेल? आणि किमचा खेळ ठेवा. किपलिंगच्या कादंबरीवरून घेतलेला. ताटात चोवीस वस्तू, वर कापड, एक मिनिट उघडायचं, झाकायचं, लिहायचं. आमच्याकडे वर्गात सदा मागे बसणारा, दोन विषयांत लटकलेला मुलगा होता. वडिलांचं हार्डवेअरचं दुकान. मी ताटात मुद्दाम खिळे, वॉशर, नट असा माल ठेवला होता. त्याने बावीस वस्तू लिहिल्या, वर 'दीड इंची खिळा, डोकं वाकलेलं' असं लिहिलं. हुशार मुलांनी 'खिळा' लिहिलं होतं. त्या दिवसापासून वर्गातलं त्याचं बसणंच बदललं. पुस्तकाचं हेच बळ होतं: शाळेच्या मोजपट्टीत न बसणाऱ्या मुलाला त्याने दुसरी मोजपट्टी दिली.

दैनंदिन सत्कृत्य ठेवा, पण वहीत सही घेण्यासाठी करायला लावू नका. आज्ञापालन कमी करा. आजारपण सांगणं हा पथकाचा नियम करा, मी केला, पहिल्याच बैठकीत सांगतो. जमलं तर गाइडच्या मुलींबरोबर एकत्र माग काढा. आमच्याकडे दोन्ही पथकांची स्पर्धा लावली तेव्हा मुली जिंकल्या आणि आठवडाभर कुणी ते विसरू दिलं नाही.

आणि एल्सडनची गोष्ट जरूर सांगा. मी पूर्वी ती पुस्तकाप्रमाणे सांगायचो, न्यायाधिकाऱ्याच्या शाबासकीपर्यंत. एकदा शेकोटी विझत आली होती, उशीर झाला होता, म्हणून प्रेत टांगलेलं आणि पोरगा ते बघतोय इथेच थांबलो. नेहमी शेवटी टाळ्या पडतात, त्या पडल्या नाहीत. सहावीतल्या एकाने विचारलं, 'सर, मग त्या रात्री तो घरी गेला का? आईला त्याने काय सांगितलं?' दुसरा म्हणाला, सांगायलाच नको होतं पोलिसांना. तिसरा उसळला, अरे म्हातारीला मारलं होतं त्याने. रात्री साडेदहापर्यंत भांडण चाललं, निखारे राख झाले तरी कुणी तंबूत जाईना. आता मी नेहमी तिथेच थांबतो.